उडालेले रफार

सोमवार, १२ जानेवारी २०२६

डायरी एक तारखेलाच सुरू करणार होतो. पण बारा हीसुद्धा चांगली तारीख आहे. बियाण्यांच्या दुकानदाराची कॅलेंडरं आमच्या प्रेसनं छापली, त्यानं ही डायरी फुकट दिली. दर पानाखाली एका वाणाची जाहिरात. आजच्या पानावर दुधी भोपळा.

यंदाचा संकल्प एकच. कॉम्प्युटर मुळापासून समजून घेणे. क्रांती चौकामागच्या या प्रेसमध्ये बावीस वर्षं अक्षरजुळणी करतोय, त्यामुळे वरवरचं सगळं येतं. फक्त मूळ राहिलंय.

संकल्पाचा सुकेशनीशी काही संबंध नाही. ती आठ महिन्यांपूर्वी लागली, वय सव्वीस. आमचे मालक अभयशेठ आज सगळ्यांसमोर म्हणाले, एप्रिलपासून सुकेशनीला कायम करू आणि सिस्टिमचं सगळं तिच्याकडे देऊ. टाळी पहिल्यांदा मीच वाजवली. हे नोंदवून ठेवतो.

नंतर तिला विचारलं, अ‍ॅड-इन म्हणजे नक्की काय? विचारलं म्हणजे परीक्षा घेतली. ती म्हणाली, आपण पानं लावतो त्या मोठ्या सॉफ्टवेअरला जोडायचं छोटं अवजार. तिनं अशी दोन जोडलीत. एक जुन्या फॉन्टमधला मजकूर युनिकोडमध्ये बदलतं, दुसरं शुद्धलेखन तपासतं. दोन्ही अवजारं एकाच सामाईक फाइलीवर चालतात. तिला डीएलएल म्हणतात, म्हणजे लायब्ररी. जुनी काढून नवी का टाकली तेही ती सांगत होती. तेवढ्यात चहा आला.

डीएलएल: पंधरा दिवसांत संपवणे.

बुधवार, १४ जानेवारी

संक्रांत. सगळ्यांना तिळगूळ दिला. सुकेशनीला दोन दिले.

धोंडिबाकाका आले होते. दौलताबादच्या पायथ्याच्या गावचे. एसटीत कंडक्टर होते, आता रिटायर. त्यांच्या आई बानाबाई नव्वदीच्या आहेत, आयुष्यभर मेंढरांमागं चालल्या आणि चालताना ओव्या म्हणत राहिल्या. काकांनी सहा वर्षं त्यांच्याजवळ बसून ओव्या उतरवल्या. त्यांचं पुस्तक करायचंय, तीनशे प्रती. बावीस फेब्रुवारीला गावात कार्यक्रम. काका म्हणाले, "मायला वाचता येत नाय. पर हातात तरी घेईल. लई म्हातारी झाली, आता थांबायला टाइम नाय."

मजकूर पूर्वी कुणीतरी जुन्या फॉन्टमध्ये टाइप करून दिलाय. बदलून घ्यावा लागेल. शेठनी काम मला दिलं. पहिली चाळीस पानं सुकेशनीनं लगेच बदलून दिली, काकांनी वाचली, खूश झाले.

चाळीस पानं बदलून देणं हे काही मुळापासूनचं ज्ञान नव्हे.

शुक्रवार, १६ जानेवारी. दुपारी ४.१०

सुकेशनी बँकेत गेली होती. कॉम्प्युटर मंद चालत होता म्हणून साफसफाई केली. एकूण एक्केचाळीस फाइली उडवल्या. आता बाण कसा सरसर फिरतो!

त्यात एक डीएलएलसुद्धा होती. एकाच नावाची फाइल दोन ठिकाणी. एक जुन्या बॅकअपमध्ये, एक कॉमन फोल्डरमध्ये. दोन कशाला? घरात दोन कुकर झाले तर माझी बायको सरिता एक माळ्यावर टाकते. बॅकअपमधली कामाची असणार, म्हणून तो फोल्डर गोडाऊनमधल्या जुन्या कॉम्प्युटरवर नीट ठेवून दिला. कॉमनमधली कुणाच्याच नावावर नव्हती. सामाईक म्हणजे बेवारस. शिफ्ट दाबून डिलीट केली, म्हणजे कचरापेटीतसुद्धा घाण राहत नाही.

डीएलएलचा अभ्यास अशा रीतीने प्रत्यक्ष कामातून सुरू झाला.

शनिवार, १७ जानेवारी

सकाळी दोन्ही अ‍ॅड-इन बंद. लाल चौकोन. "आवश्यक लायब्ररी सापडत नाही."

लग्नसराई, तीन पत्रिका अडकल्या. शेठ भडकले. काल सकाळी सुकेशनीनं शुद्धलेखनाच्या अ‍ॅड-इनच्या शब्दकोशात काही नवे शब्द घातले होते, तेवढंच त्यांच्या लक्षात राहिलं. म्हणाले, चालत्या गाडीचं इंजिन कुणी उघडायला सांगितलं होतं? ती म्हणाली, "सर, मी फक्त शब्द घातले. त्यानं असं होत नाही." शेठ म्हणाले, मग काय आपोआप झालं?

मी त्या वेळी कटिंगचे कागद मोजत होतो. दोनदा मोजले.

सांगणारच होतो. पण मालक बोलत असताना मध्ये तोंड घालणं आमच्या पिढीला जमत नाही. शिवाय माझ्यामुळेच झालं, हे अजून सिद्ध कुठं झालंय? एक्केचाळीसपैकी कोणत्या फाइलीमुळे झालं, हा अभ्यासाचा विषय आहे.

सोमवारी सांगणे.

सोमवार, १९ जानेवारी

विषयाचा अभ्यास झाला. एक्केचाळिसातली ती डीएलएलच कारण होती.

सुकेशनीनं शोधून काढलं की कॉमनमधली फाइलच गायब आहे. मला समजावून सांगत होती. तिच्या मुकुंदवाडीच्या गल्लीत तीन घरांत मिळून एक बोअर आहे. मोटार एक, नळ्या तीन. "सर, डीएलएल म्हणजे तो बोअर. प्रत्येक घरात नळी आहे म्हणून बोअर कशाला, असं म्हणून कुणी बुजवला, तर पाणी तिन्ही घरांचं जातं. आणि नळ उघडणाऱ्याला वाटतं, नळच बिघडला." आपल्या शहरात आठवड्यानं पाणी येतं, त्यामुळे उदाहरण आत शिरलं. नको इतकं आत शिरलं.

मग तिनं विचारलं, "सर, तुमच्याकडून काही काढलं गेलंय का?"

मी म्हणालो, "मी? मी कशाला काढू?"

हे खोटं नाही. हा प्रश्न आहे. प्रश्न खोटा असूच शकत नाही.

ज्या पुण्याच्या कंपनीकडून अ‍ॅड-इन घेतले, त्यांना तिनं फोन केला. गुरुवारपर्यंत फाइल पाठवतो म्हणाले.

मंगळवार, २० जानेवारी

यश!

विचार केला, सांगण्यापेक्षा दुरुस्त करणं जास्त प्रामाणिकपणाचं. गोडाऊनमध्ये गेलो, जुन्या कॉम्प्युटरवरची धूळ झटकली, बॅकअपमधली फाइल पेन ड्राइव्हवर घेतली, आणून कॉमनमध्ये टाकली. नाव तेच, त्यामुळे कुणी तक्रार केली नाही. दोन्ही अ‍ॅड-इन धडाधड सुरू. लाल चौकोन गेला.

शेठनी पाठ थोपटली. म्हणाले, जुनं ते सोनं. सिस्टिमचा पासवर्ड माझ्याकडे दिला. पुण्याची फाइल नको म्हणून कळवायला सांगितलं. सुकेशनी म्हणाली, "सर, व्हर्जन कोणतं आहे तेवढं बघू द्या." शेठ म्हणाले, चालतंय ना? मग हात लावू नको. आणि तिला बाइंडिंगच्या टेबलावर पाठवलं, फर्मे म्हणजे पुस्तकाचे मोठे छापील ताव दुमडायला. कायम करायचं नंतर बघू म्हणाले.

हे मात्र जास्त झालं. मला अजिबात पटलेलं नाही. तसं मी मनात स्पष्ट म्हणालो.

शुक्रवार, २३ जानेवारी

एका संस्थेचं पत्रक छापलं. जुन्या फॉन्टमधला मजकूर, बदलून घेतला, तपासला, चूक शून्य. संध्याकाळी त्यांचा माणूस पत्रक घेऊन हसत आला. "मियाँ, ये चचा कौन हैं? इनको किसने बुलाया?" पाहिलं तर "चर्चासत्र"च्या जागी "चचासत्र".

त्यांच्याच टायपिंगची चूक असणार. हातानं दुरुस्त करून शंभर प्रती पुन्हा काढून दिल्या. मूळ फाइल उघडून बघायचा विचार आला होता. वेळ नव्हता. पंधरा मिनिटं बसून चहा प्यायलो, तेवढाच काय तो वेळ होता.

सोमवार, २६ जानेवारी

आज सांगायचं असं ठरवलं होतं. राष्ट्रीय सण, सत्य वगैरे. झेंडावंदनानंतर सगळे जिलेबी खात होते. सुकेशनीनं स्वतःची जिलेबी मला दिली, म्हणाली सर, मला गोड चालत नाही. घेतली. तोंडात जिलेबी असताना कसं सांगणार?

डीएलएलचे पंधरा दिवस उद्या संपतात. अभ्यास जवळजवळ पूर्ण आहे. फक्त वाचायचं राहिलंय.

सोमवार, २ फेब्रुवारी

काकांच्या पुस्तकाची उरलेली पानं बदलली, त्यांनी मागाहून त्याच जुन्या फॉन्टमध्ये टाइप करून पाठवलेलं आभाराचं पानसुद्धा. शंभर पानं, दोन मिनिटांत. तपासणाऱ्या अ‍ॅड-इनमधून काढली. चुका शून्य. एवढ्या मोठ्या मजकुरात एकही चूक नाही, हे बघून मन भरून आलं.

काका आले होते. डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, हिरवी पट्टी. वाचता येत नाही महिनाभर. म्हणाले, "भाऊ, बाकीचं तुम्हीच बघा. तुमच्यावर इस्वास हाये." मी म्हणालो, काका, प्रूफ मी स्वतः वाचीन.

वाचणारच आहे. पण अ‍ॅड-इननं शून्य म्हटल्यावर पुन्हा वाचणं म्हणजे अ‍ॅड-इनवर अविश्वास दाखवणं.

शनिवार, ७ फेब्रुवारी

फर्मे मशीनवर गेले. शेठनी विचारलं, प्रूफ झालं? मी मान हलवली. मान हलवणं याचे अनेक अर्थ होतात.

सोमवार, ९ फेब्रुवारी. रात्र

कागदानं सुकेशनीचं बोट कापलं. कागदाचा काप बारीक असतो पण ठणकतो. मी धावत जाऊन मेडिकलमधून पट्टी आणली, स्वतः लावून दिली. ती म्हणाली, "थँक्यू सर. तुम्हीच एक विचारता मला इथं."

जेवण गेलं नाही. डबा तसाच घरी नेला. सरितानं डबा उघडला, माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, कुणाचं काय बिघडवलंत? बायकोला डीएलएल समजावून सांगणं अवघड आहे. म्हणून बातम्या लावल्या.

ठराव: उद्या, काहीही झालं तरी.

मंगळवार, १० फेब्रुवारी

शेठच्या केबिनमध्ये गेलो. दार लावून घेतलं. ते म्हणाले, बोला सर्जेराव. मी म्हणालो, शेठ, एक गोष्ट बरेच दिवस मनात आहे. ते म्हणाले, बोला की. मी म्हणालो, बाहेरचा पंखा फार आवाज करतो.

पंखा दुपारी दुरुस्त झाला. म्हणजे माझं बोलणं अगदीच वाया गेलं असं नाही.

रविवार, १५ फेब्रुवारी

महाशिवरात्र. प्रायश्चित्त म्हणून कडक उपवास धरला. साबुदाणा फक्त तीनदा.

सोमवार, १६ फेब्रुवारी

सुकेशनी एक फर्मा घेऊन माझ्या टेबलाशी आली. "सर, पान सत्तेचाळीस बघता का? इथं काहीतरी राहिलंय." मी न बघताच म्हणालो, बोलीभाषा आहे, धनगरी बोली, आपण हात लावायचा नसतो. तिनं फर्मा उचलला. म्हणाली, "बोलीतही रफार असतो सर." आणि गेली.

रफार म्हणजे अक्षराच्या डोक्यावरची ती छोटी कोयती. मला शिकवते.

पान सत्तेचाळीस उघडलं नाही. छापून झालेलं पान उघडून काय उपयोग?

बुधवार, १८ फेब्रुवारी. सकाळी ११

तीनशे प्रती बांधून तयार. मुखपृष्ठ सुंदर आलंय. शेवटच्या पानावर काकांनी माझे आभार मानलेत, म्हणून आधी शेवटचं पान उघडलं.

"श्री. सजेराव यांनी अत्यंत काळजीपूर्वक."

सजेराव.

दुपारी १

पान सत्तेचाळीस उघडलं.

"मद मपला मेंढका, मेंढरांच्या गदीत
अधी भाकर कुत्र्याला, अधी आपल्या मुठीत"

मर्द, गर्दी, अर्धी. सगळ्यांचे रफार उडालेत. पान एक्केचाळीसपासून पुढं एकाही अक्षराच्या डोक्यावर रफार नाही. देवाच्या ओवीत "मूर्ती" शब्दाचं काय झालंय ते मी इथं लिहिणार नाही.

सुकेशनीला विचारलं, सहज विचारल्यासारखं, असं कशानं होत असेल? तिनं दुमडणं थांबवलं नाही. म्हणाली, जुन्या व्हर्जनच्या डीएलएलमध्ये हा दोष होता. जुन्या फॉन्टमधून बदलताना रफार गळायचा. म्हणूनच तर तिनं नवी आणली होती. "जानेवारीत मी तुम्हाला सांगत होते, तेव्हा चहा आला."

मग तपासणाऱ्या अ‍ॅड-इननं चूक का धरली नाही? ती म्हणाली, तेही शब्द त्याच फाइलीतून वाचतं सर. फाइलीलाच रफार दिसत नसेल तर बदलणाराही आंधळा आणि तपासणाराही. म्हणून चुका शून्य.

आज डीएलएल मुळापासून समजली. ठरवल्यापेक्षा बावीस दिवस उशिरा.

शेठना सांगायला उठलो होतो. पण ते बाहेर गेले होते. चारला आले. चारला मी गोडाऊनमध्ये होतो.

गुरुवार, १९ फेब्रुवारी

शिवजयंती, सुट्टी. प्रेस बंद. क्रांती चौकात ढोल, लेझीम, रस्ते बंद. शेठचं घर पलीकडच्या बाजूला. रस्ताच बंद असल्यावर माणूस काय करणार?

सरिता म्हणाली, फोन चालू आहे ना?

शुक्रवार, २० फेब्रुवारी

काका जीप घेऊन आले. गठ्ठे जीपमध्ये मीच चढवले. पट्टी निघालीय पण वाचायला अजून बंदी. एक प्रत नाकाशी धरून वास घेतला, म्हणाले, "मायच्या गोधडीसारका वास येतोय बघा." छापील कागदाला गोधडीचा वास कसा येईल? पण मी हो म्हणालो.

सांगायला तोंड उघडलं. ते म्हणाले, रविवारी तुम्ही यायचंच, तुमचा सत्कार ठेवलाय.

कदाचित कुणाच्या लक्षातही येणार नाही. खेड्यात पुस्तक कोण वाचतं?

हे वाक्य मी लिहिलं. खोडत नाही. राहू दे.

रविवार, २२ फेब्रुवारी. दुपारी ४, परतीच्या बसमध्ये

अक्षर वाकडं येतंय, बस हलतेय.

मारुतीच्या पारासमोर मांडव. दीडेकशे माणसं. मध्ये खुर्चीवर बानाबाई. एवढीशी बाई, हिरवं लुगडं, कपाळावर गोंदण. पुस्तक मांडीवर ठेवून त्याच्यावर हात फिरवत होत्या, आजारी कोकराच्या पाठीवर फिरवतात तसा.

आधी माझा सत्कार. शाल, नारळ. घेतला.

मग काकांची मुलगी दीपमाला ओव्या वाचायला उभी राहिली. कॉलेजात शिकते, आवाज गोड. तिनं मधलं पान उघडलं. सत्तेचाळीस.

"मद मपला मेंढका..."

बानाबाई म्हणाल्या, "मद न्हाय गं, मर्द."

लोक हसले. दीपमालानं पुन्हा पाहिलं, पुढं वाचलं. गदीत. "गर्दीत." अधी. "अर्धी! अर्धी भाकर." माईक जवळ होता, सगळ्यांना ऐकू जात होतं. तिसऱ्या ओवीपर्यंत हसणं थांबलं. पोरगी लालबुंद. पानावर जे आहे तेच ती वाचत होती. आणि आजी म्हणाली, "एवढी साळा शिकून बोबडंच वाचतीस व्हय गं? माजं गाणं काहून मोडतीस?"

दीपमालाचे डोळे भरले. 

सुकेशनी सतरा जानेवारीला अशीच उभी होती. शेठसमोर. मी कागद मोजत होतो.

इथं मोजायला काही नव्हतं. उभा राहिलो. शाल खांद्यावरून पडली. कुणीतरी माईक हातात दिला. लोकांना वाटलं, आभार मानतोय. मी म्हणालो, आजी, चूक पोरीची नाही. ती बरोबर वाचतेय. चूक छपाईची आहे.

छपाईची म्हणालो. माझी म्हणायचं होतं. शब्द तोंडापर्यंत आला आणि शेवटच्या क्षणी बदलला.

बानाबाईंनी माझ्याकडे बघितलं. "छपाईची? मंग तुज्या छपाईला सांग, म्हातारी अजून जित्ती हाये म्हनावं. येऊन इचारायचं हुतं. मी सांगितलं असतं."

मग त्यांनी पुस्तक मांडीवरून काढून दीपमालाला दिलं आणि ओवी स्वतःच म्हटली. तोंडपाठ, एकही रफार न गाळता. एक झाली, मग दुसरी. अर्धा तास. पारावरची सगळी माणसं ऐकत होती. काका डोळ्याला रुमाल लावून बसले होते. ऑपरेशनच्या डोळ्याला पाणी लागू द्यायचं नसतं. तेही मी कुणाला सांगितलं नाही.

निघताना शाल-नारळ परत द्यायला गेलो. काका म्हणाले, राहू द्या, पाहुण्याचं परत घेत नसतात.  पुस्तकाबद्दल एक अक्षर नाही. पस्तीस प्रती लोक घेऊन गेले होते. बाकी गठ्ठे जीपमध्ये पुन्हा चढवले, दुरुस्तीला. या वेळी मला कुणी हात लावू दिला नाही.

सोमवार, २३ फेब्रुवारी

सकाळी साडेनऊ. शेठ कुलूप उघडत होते तिथंच, पायरीवर सांगितलं. केबिन, दार, प्रस्तावना काही नाही. सोळा जानेवारीला कॉमनमधली फाइल मी उडवली. वीसला जुनी मी टाकली. प्रूफ मी वाचलं नाही. सुकेशनीचा काही दोष नाही.

शेठ कुलूप हातात धरून उभे राहिले. म्हणाले, "म्हणजे पाच आठवडे ती पोरगी फर्मे दुमडत बसली, आणि तुम्ही तिला पट्ट्या आणून देत होतात?"

 या वेळी मी उलट प्रश्न विचारला नाही.

मग म्हणाले, तिला सांगितलंत?

अजून नाही म्हणालो. जा म्हणाले.

ती नुकतीच येऊन टेबल पुसत होती. तिलाही तसंच सांगितलं, एका दमात. वाटलं होतं ओरडेल, किंवा रडेल, किंवा म्हणेल जाऊ द्या सर. माफीची वाक्यं पाठ करून ठेवली होती, एकही लागलं नाही. ती टेबल पुसत राहिली. मग म्हणाली, "मी रोज घरी जाऊन शोधत होते सर, माझं नेमकं काय चुकलं. घरच्या लॅपटॉपवर सगळं पुन्हा पुन्हा करून बघितलं. आईला सांगितलं होतं, चूक माझीच असणार, सापडत नाहीये एवढंच."

एवढं बोलून ती शेठच्या केबिनमध्ये गेली आणि पुण्याला फोन लावला. दहा मिनिटांत पुण्याहून फाइल आली. तिनं ती जागेवर टाकली, व्हर्जन तपासलं, पानं पुन्हा बदलली. सगळे रफार आपापल्या डोक्यावर. पासवर्ड तिच्याकडे. माझ्या कॉम्प्युटरवरून आता काहीही डिलीट होत नाही, तिनं तशी सोय केलीय. कायम करण्याचं पत्र शेठनी आजच टाइप करायला सांगितलं. मीच टाइप केलं. दोनदा वाचलं, डोळ्यांनी.

पण छापलेल्या प्रतींचं काय? लग्नसराईत मशीन महिनाभर मोकळं नाही. काकांना शेठनी फोन केला, माफी मागितली, वाटलेल्या पस्तिसांच्या जागी नवीन देऊ म्हणाले. काका म्हणाले, माय म्हणते, पुन्हा छापू नका, गळालेलं पेनानं द्या, पर नीट द्या. मग ठरलं. बारीक काळ्या पेनानं, एकेका प्रतीत एकशे अठ्ठ्याऐंशी रफार. दोनशे पासष्ट प्रती.

म्हणालो, हे मी एकटा करणार. कुणी मदतीला यायचं नाही. माझी चूक, माझा हात. शेठ बरं म्हणाले. मला वाटलं, आता मन हलकं होईल. बाही वर केली, पेन घेतलं, पहिली प्रत उघडली.

अकरा वाजता सुकेशनी येऊन माझ्या खांद्यावरून बघत उभी राहिली. "मर्द"चा रफार मी "मपला"वर दिला होता. "सुर्व्या"चा रफार टिंबासारखा दिसत होता. "देवाच्या मूर्ती"वर शाई सांडली होती.

साडेअकराला तिनं शेजारची खुर्ची ओढली आणि माझ्या हातातलं पेन काढून घेतलं.

संध्याकाळपर्यंत सव्वीस प्रती झाल्या. रफार ती देते. एकेक, सावकाश, छापल्यासारखा.

मी पानं उलटतो.